महानंद नाईक प्रकरणावर माहितीपट: खुनांचा आकडा आणि पावसातल्या मुलाखती

वेंगुर्लेकर: मंडळी, गोव्याच्या 'दुपट्टा किलर' महानंद नाईकवर २५ मिनिटांचा माहितीपट करतोय. अटक २००९ची, आरोप १९९४ पासूनच्या १६ खुनांचा. निवेदनात "१६ जणींना मारलं" असं सरळ म्हणता येईल का? मुलाखती जुलैत आहेत, फोंडा-शिरोडा भागात. पावसाच्या आवाजाचं काय करायचं?

नक्कलअर्ज: नाही म्हणता येणार. त्याने पोलिसांपुढे दिलेली कबुली कोर्टात पुरावा ठरत नाही. काही खटल्यांत त्याला जन्मठेप झाली, काहींत पुराव्याअभावी तो सुटला. १५ वर्षं या बेपत्ता तरुणींच्या नोंदी एकमेकींशी जोडल्याच गेल्या नाहीत. इतक्या उशिरा पुरावा कुठून उभा राहणार? मला तर माहितीपटाचा गाभा हाच वाटतो.

आधी तक्ता करा: खटला क्रमांक, कलमं, निकाल, अपिलात काय झालं. शेवटचा रकाना हमखास राहतो आणि मग उच्च न्यायालयात फिरलेला निकाल पडद्यावर जुनाच जातो. ई-कोर्ट्सवर (न्यायालयांच्या संकेतस्थळावर) न सापडलेल्या निकालासाठी कोर्टाच्या नक्कल विभागात, म्हणजे प्रती देणाऱ्या विभागात, अर्ज टाका. तुम्ही पक्षकार नाही, तेव्हा कारण लिहावं लागेल.

बलात्काराचंही कलम असेल तर मृत मुलीचं नाव, फोटो, घराची ओटीसुद्धा दाखवू नका. घरच्यांची लेखी संमती पुरत नाही. २०१८च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानुसार ओळख उघड करायची की नाही, ते सत्र न्यायाधीशच ठरवतात.

बूमवाला: लो-कट (खालचे, घोगरे आवाज कापणारा फिल्टर) ८० हर्ट्झला लावलात तर पंख्याची घरघर कमी होईल, पाऊस नाही. पावसाचा आवाज खालच्या-वरच्या सगळ्या पट्ट्यांत पसरलेला असतो. पत्र्याची पडवी टाळा, माळा असलेलं माजघर बघा. कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर. पदर घासून खरखर येते, म्हणून टेपची त्रिकोणी घडी करून आत चिकटवा. रेकॉर्डिंगची लेव्हल उणे १२ डेसिबलच्या आसपास. रूम टोन (कुणी बोलत नसतानाचा खोलीचा आवाज) दोनदा घ्या, सर चालू असताना आणि थांबल्यावर, मिनिटभर प्रत्येकी. नाहीतर प्रत्येक कटला पाऊस तुटलेला ऐकू येतो. आई बोलत असताना सर आली तर मात्र कॅमेरा बंद करू नका. तेच वाक्य तिला पुन्हा बोलायला लावणं वाईट.

वेंगुर्लेकर: देव बरे करो! हातात दुपट्टा घेतलेला नट दाखवू का?

नक्कलअर्ज: नको. निकालपत्राचं पान दाखवा. एखादं दृश्य उभं केलंतच, तर 'नाट्यरूपांतर' ही पाटी ते संपेपर्यंत ठेवा.