मॅचचा विचार आधी आला म्हणून ढोंगी?
एक किस्सा वाचला. त्यातला माणूस राष्ट्रीय दुखवटा म्हटल्यावर आधी सुट्टी आहे का बघतो आणि संध्याकाळी मेणबत्ती घेऊन उभा राहतो. त्याला तिथं ढोंगी म्हटलंय, ते मला अजिबात पटलं नाही. २७ नोव्हेंबर २००८ ची सकाळ. कोल्हापुरात शिवाजी पेठेतल्या आमच्या घरात टीव्हीवर मुंबईवरच्या दहशतवादी हल्ल्यात ताज हॉटेल जळताना दिसत होतं आणि वडिलांनी विचारलं, "इंग्लंडबरोबरची पुढची मॅच हुणार न्हवं?" आई भडकली. (उरलेल्या दोन्ही वनडे रद्दच झाल्या.) पण पोलीस तुकाराम ओंबळेंनी गोळ्या झेलत कसाबची बंदूक सोडली नाही हे कळलं, तेव्हा "आपल्या साताऱ्याचा गडी" एवढंच म्हणून तेच वडील उठून परड्यात गेले. चहावर साय धरली, तरी आत आले नाहीत. चौकात मेणबत्त्या लावायला आम्ही पोरंच गेलो.