मेन एन्ट्रीचा रॅम्प: ॲडव्हान्स देण्याआधी

(नौपाडा, ठाणे. सोसायटीचा ग्रुप)

सेक्रेटरी, ए-१०१: नमस्कार मंडळी. रॅम्पचं कोटेशन आलंय, फोटो टाकलाय. उंची १ फूट ९ इंच, लांबी १२ फूट ५ इंच, रुंदी ४ फूट, स्लोप ८ डिग्री. भराव आणि काँक्रीट मिळून १.२३ ब्रास. हरकत असेल तर आजच सांगा, उद्या ॲडव्हान्स द्यायचाय.

बी-४०३: काका, ॲडव्हान्स थांबवा. साइटवर रोज हेच काम करते, म्हणून सांगते, दोन आकडे खटकतायत. आधी ८ डिग्री. व्हीलचेअरच्या रॅम्पला जास्तीत जास्त १:१२ उतार धरतात, म्हणजे १ फूट चढायला १२ फूट लांबी. टक्क्यांत तो ८.३३, पण डिग्रीत पावणेपाचच. इथे आठ टक्क्यांचे आठ डिग्री झालेत. ८ डिग्री म्हणजे जवळपास १:७.

ए-६०२: ताई, तीन-सव्वातीन डिग्रीने एवढा काय फरक पडणार?

बी-४०३: दादा, माणूस आणि खुर्ची मिळून ८५ किलो धरा. १:१२ वर ढकलायला साधारण ७ किलोचा जोर लागतो, ८ डिग्रीवर १२ किलोचा. चाकांचं घर्षण वेगळंच. उतरताना तेवढाच जोर लावून खुर्ची मागे धरायची, तीही पावसात, ओल्या काँक्रीटवर.

बी-२०१: यांना फिजिओला न्यायचं म्हटलं की वॉचमन आणि जो कोणी खाली असेल तो, असे दोघं मिळून खुर्ची उचलतात. परवा पुढचं चाक दुसऱ्या पायरीच्या कडेला अडकलं आणि हे एका बाजूला कलले. दोन्ही हातांनी हँडल घट्ट धरून बसले होते, तोंडातून शब्द नाही. रॅम्प करायचाच तर मला एकटीला ढकलता येईल असा करा. नुसता दिसायला नको.

सेक्रेटरी, ए-१०१: वहिनी, तसाच करू. बेटा, लांबी किती लागेल?

बी-४०३: उंची २१ इंच. गुणिले १२, झाले २५२ इंच, म्हणजे २१ फूट. मिस्त्रीला डिग्री, टक्के काही सांगू नका. "फुटाला इंच" म्हणा, त्याला लगेच कळेल. कोटेशनमधला रॅम्प फुटाला जवळजवळ पावणेदोन इंच चढतोय.

ए-६०२: समोर १३ फुटांवर पार्किंगची पट्टी सुरू होते. २१ फूट बसणार कुठे?

बी-४०३: सरळ नाही बसणार, वळवावा लागेल. ओट्यापासून मीटर रूमकडे भिंतीलगत २० फूट मोकळे आहेत. तिथे १४ फूट उतार, त्यात १४ इंच उतरलो. मग ५ बाय ५ फुटांचा सपाट टप्पा, खुर्ची वळवायला. तिथून गेटच्या दिशेला ७ फूट, उरलेले ७ इंच. टप्पा धरून पुढे १२ फूटच येतो, पट्टीच्या अलीकडेच राहतो. पायऱ्याही आहेत तशाच राहतील.

ए-३०४: टप्पा अगदी सपाट केला तर पाणी साचेल ना?

बी-४०३: बरोबर, काकू. १:१०० चा ढाळ द्यायचा. ५ फूट म्हणजे ६० इंच, त्याला साधारण पाच सूत (सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग). डोळ्यांना दिसत नाही, खुर्चीलाही जाणवत नाही, पण पाणी निघून जातं. ढाळ बाहेरच्या बाजूला हवा, भिंतीकडे अजिबात नको. नाहीतर मीटर रूममध्ये ओल यायची.

ए-६०२: पण लांबी वाढली की खर्चही वाढणार. मेंटेनन्समध्ये एवढं कुठे आहे?

बी-४०३: आता दुसरा आकडा. त्यांच्या मापाने १२ फूट ५ इंच गुणिले पावणेदोन फूट, त्याच्या निम्मे, गुणिले ४ फूट. साधारण साडेत्रेचाळीस घनफूट. ब्रास म्हणजे १०० घनफूट, तर हे अर्धा ब्रासही नाही. एका घनमीटरमध्ये ३५.३१ घनफूट असतात. आता ४३.५ ला ३५.३१ ने भागा. १.२३ येतं. ते घनमीटर आहेत काका, आणि दर ब्रासचा लावलाय. त्या ओळीत पावणेतीन पटीहून जास्त पैसे जातायत.

सेक्रेटरी, ए-१०१: आत्ता कॅल्क्युलेटरवर केलं. तंतोतंत १.२३.

बी-४०३: मुद्दाम केलं असेल असं मी म्हणत नाही. ड्रॉइंग मीटरमध्ये आणि दरपत्रक ब्रासमध्ये असलं की असं होतं. आपल्या २१ फुटांच्या रॅम्पचं, टप्पा धरून, माप ८८ घनफूट येतं, ०.८८ ब्रास. त्यांनी लावलेल्या १.२३ पेक्षा कमीच. रेलिंग वाढेल, ते दोन्ही बाजूंना हवंच. कडेच्या भिंतीचं माप नव्याने घ्यावं लागेल.

बी-२०१: रेलिंग हाताला पकडता येईल असं गोल पाइपचं घ्या गं. चौकोनी पट्टीवर यांची पकड बसत नाही.

बी-४०३: गोल पाइपच लिहून घेते, काकू.

सेक्रेटरी, ए-१०१: उद्याचा ॲडव्हान्स रद्द. सुधारित कोटेशन मागवतो. फुटात मापं, ब्रासमध्ये क्वांटिटी, स्लोपच्या जागी "फुटाला १ इंच". रविवारी सकाळी मिस्त्रीला लेव्हल पाइप घेऊन बोलावतो, २१ इंच उंचीही पुन्हा तपासू. मीटर रूमच्या बाजूच्या कुंड्या ज्यांच्या असतील त्यांनी शनिवारी रात्रीपर्यंत गच्चीवर न्याव्यात.

ए-६०२: चार माझ्या आहेत. नेतो. काकूंच्या तुळशीची जड कुंडीही मीच नेतो.