ओल्या वाळूतली गोष्ट

मूल वाळूत किंवा पाण्यात तासभर रमते, पण गोष्ट म्हणून काहीच सांगत नाही, अशी जी तक्रार अनेकदा ऐकू येते, तिचे मूळ बहुधा खेळाच्या साहित्यात नसून आपल्या प्रश्नांत असते. ‘हा रंग कोणता?’ असे विचारले की मूल एका शब्दात उत्तर देऊन मोकळे होते, कारण ती परीक्षाच असते. त्याऐवजी ओल्या वाळूच्या ट्रेमध्ये दोन-चार दगड आणि एक रिकामी डबी ठेवून गप्प बसावे (मोठ्यांना हेच सर्वांत अवघड जाते). डबी वाळूत पुरली गेली की ‘अरे, ही कुठे निघाली?’ एवढेच म्हणावे आणि उत्तराची घाई करू नये. ‘ती लपलीय’ असे मूल म्हणाले की गोष्टीला पात्र मिळाले, ‘कोणापासून?’ या प्रश्नातून पुढचा प्रसंग उभा राहतो.

रशियन मानसशास्त्रज्ञ लेव्ह विगॉट्स्की यांनी काठीचा घोडा करणाऱ्या मुलाच्या उदाहरणावरून, खेळात वस्तूपासून तिचा अर्थ कसा सुटा होतो, हे समजावले होते. म्हणूनच हुबेहूब खेळण्यांपेक्षा चिंध्या आणि लाकडाचे ठोकळे मला अधिक उपयोगी वाटतात. तीन वर्षांखालील मुलांना मात्र घशात अडकू शकतील अशा लहान वस्तू देऊ नयेत, आणि हात माखणे ज्याला आवडत नाही त्याला बळजबरी न करता ब्रश द्यावा.

सांगितलेली गोष्ट व्याकरण न सुधारता मुलाच्याच शब्दांत लिहून घ्यावी आणि दुसऱ्या दिवशी तीच डबी समोर ठेवून वाचून दाखवावी. ऐकता ऐकता मूल अनेकदा स्वतःच तिच्यात भर घालू लागते.