पाँसले : शक्तीच्या एका विस्मृत एककाचा अर्थ आणि वापर

प्रश्न – एक अनुवादिका, राजारामपुरी, कोल्हापूर

सर्वांना नमस्कार. पाणचक्क्या आणि जलटर्बाइन यांच्या एका जुन्या फ्रेंच सूचिपत्रकाचे मराठी रूपांतर मी करीत आहे. त्यातील मुख्य कोष्टकात यंत्राच्या शक्तीसाठी दोन रकाने आहेत. पहिल्याचे शीर्षक शब्दशः ‘वाफेचा घोडा’ असे असल्यामुळे ती अश्वशक्ती असणार हे उघड आहे. दुसऱ्या रकान्यावर मात्र ‘पॉन्सलेट’ असा शब्द असून त्याखालचे आकडे पहिल्या रकान्यापेक्षा दर वेळी लहान आहेत. जेथे पहिल्यात ४० आहे तेथे दुसऱ्यात ३० आहे. माझ्याजवळच्या कोशांत हा शब्द मिळाला नाही. हे अश्वशक्तीचेच दुसरे नाव आहे की स्वतंत्र एकक आहे, त्याचा उच्चार कसा करावा, आणि मराठीत ते तसेच ठेवावे की किलोवॅटमध्ये बदलून मोकळे व्हावे, याविषयी जाणकारांनी मार्गदर्शन करावे.

उत्तर – निवृत्त यंत्र अभियांत्रिकी अध्यापक

ताई, हे स्वतंत्र एकक आहे आणि तुम्ही दिलेल्या दोन आकड्यांतच त्याची व्याख्या दडलेली आहे. शंभर किलोग्रॅम वजन दर सेकंदाला एक मीटर या वेगाने उचलत राहण्यासाठी जी शक्ती लागते, ती एक पॉन्सलेट. फ्रान्स-जर्मनीतील मेट्रिक अश्वशक्ती याच रीतीने, परंतु ७५ किलोग्रॅम वजनावर, ठरवलेली आहे. शंभर आणि पंचाहत्तर यांचे गुणोत्तर ४ : ३ असल्यामुळे ४० मेट्रिक अश्वशक्ती म्हणजे बरोबर ३० पॉन्सलेट होतात. वॅटमध्ये सांगायचे तर एक पॉन्सलेट म्हणजे ९८०.६६५ वॅट, म्हणजे किलोवॅटपेक्षा सुमारे दोन टक्क्यांनी कमी.

गुळाचा सौदा क्विंटलवर करणाऱ्या आपल्या गावाला हे माप समजायला अवघड नाही, कारण एक क्विंटल, एक मीटर आणि एक सेकंद एवढ्यावरच ते उभे आहे. पाण्याच्या बाबतीत तर ते अधिकच सोयीचे ठरते. एक लिटर पाण्याचे वजन एक किलोग्रॅम धरले, तर दर सेकंदाला किती लिटर पाणी उपसायचे आणि किती मीटर चढवायचे यांचा गुणाकार करून त्याला शंभराने भागले की पॉन्सलेट मिळतात. पंचगंगेवरून दर सेकंदाला २० लिटर पाणी ३० मीटर उंचीवरच्या शेतात न्यायचे असेल, तर गुणाकार ६०० येतो आणि पाण्याला प्रत्यक्ष द्यावी लागणारी शक्ती ६ पॉन्सलेट होते. तेच उत्तर मेट्रिक अश्वशक्तीत ८ येते, पण त्यासाठी पंचाहत्तराने भागावे लागते. पंपातील घट यात धरलेली नाही. पंपाची कार्यक्षमता ६० टक्के मानली तर त्याच्या दांड्यावर १० पॉन्सलेट पुरवावे लागतील. पाणचक्कीचे आणि टर्बाइनचे सारे गणित पाण्याचा प्रवाह आणि पाण्याची उंची यांच्या गुणाकारावरच चालत असल्यामुळे तुमच्या सूचिपत्रकात हा रकाना असावा हे मला अगदी स्वाभाविक वाटते.

एककाला ज्याचे नाव दिले आहे तो झाँ-व्हिक्तॉर पाँसले हा फ्रेंच गणिती आणि लष्करी अभियंता होता. त्याचा जन्म १७८८ साली मेत्झ येथे झाला आणि मृत्यू १८६७ साली. नेपोलियनच्या १८१२ च्या रशियावरील स्वारीत तो पकडला गेला, व्होल्गाकाठच्या सारातोव्ह येथे कैदेत राहिला, आणि तेथे हाताशी पुस्तके नसताना त्याने भूमितीचा जो विचार केला त्यातून पुढे प्रक्षेपीय भूमिती उभी राहिली. गणिताचे अभ्यासक त्याला त्यासाठी ओळखतात. आपल्या विषयाशी संबंध आहे तो त्याच्या पाणचक्कीचा. खालून वाहणाऱ्या पाण्याने फिरणाऱ्या चाकाची पाती तोवर सपाट असत, आणि पाणी त्यांच्यावर आदळून बरीचशी ऊर्जा वाया जात असे. पाँसलेने १८२० च्या दशकात ती पाती वक्र केली, त्यामुळे पाणी धक्का न देता आत शिरू लागले, वक्रावर चढून उतरताना चाकाला ढकलू लागले आणि बाहेर पडताना त्याच्यात फारसा वेग उरेनासा झाला. चाकाची कार्यक्षमता यामुळे पुष्कळच वाढली. बल आणि अंतर यांच्या गुणाकाराला यंत्रशास्त्रात ‘कार्य’ म्हणण्याचा जो प्रघात पडला, त्यातही कोरिओलिस या फ्रेंच शास्त्रज्ञाच्या बरोबरीने त्याचा वाटा आहे. शक्तीच्या एककाला त्याचे नाव देणे त्यामुळे उचितच होते. आयफेल मनोऱ्यावर कोरलेल्या ७२ नावांतही त्याचे नाव आहे.

प्रतिप्रश्न – अनुवादिका

सर, अतिशय आभारी आहे. आता एक अडचण उभी राहिली आहे. वाचकांच्या सोयीसाठी दोन्ही रकान्यांपुढे किलोवॅट द्यावेत म्हणून मी हिशेब केला. आपल्याकडे शालेय पुस्तकात १ अश्वशक्ती म्हणजे ७४६ वॅट असे शिकवले जाते. त्यानुसार ४० अश्वशक्तीचे २९.८४ किलोवॅट होतात. तुमच्या व्याख्येप्रमाणे ३० पॉन्सलेटचे २९.४२ होतात. एकाच यंत्राची ही दोन उत्तरे कशी?

उत्तर – निवृत्त यंत्र अभियांत्रिकी अध्यापक

ताई, दोन उत्तरे येतात ती पॉन्सलेटमुळे नव्हे, अश्वशक्तीमुळे. अश्वशक्ती या एकाच मराठी शब्दाखाली किमान दोन निरनिराळी मापे नांदत आहेत. जेम्स वॅटने ठरवलेली इंग्रजी अश्वशक्ती मिनिटाला ३३,००० फूट-पौंडांची, म्हणजे सुमारे ७४५.७ वॅटची आहे, आणि शाळेतील ७४६ हा आकडा तिच्या वंशातला आहे. वॅटचे तेच माप मेट्रिकमध्ये आणले तर ते सेकंदाला ७६.०४ किलोग्रॅम-मीटर असे आडनिडे येते. युरोपात ते छाटून ७५ केले गेले, आणि त्यातून ७३५.५ वॅटची मेट्रिक अश्वशक्ती जन्माला आली. तुमचा ‘वाफेचा घोडा’ हा दुसरा आहे. त्याला ७३५.५ ने गुणा, २९.४२ च येतील. फ्रेंच किंवा जर्मन मजकुरातील अश्वशक्तीला ७४६ लावणे ही चूक अनुवादात वरचेवर दिसते आणि ती सहसा पकडली जात नाही, कारण फरक दीड टक्क्याच्या आत असतो. तुमच्या कोष्टकात शेजारी पॉन्सलेटचा रकाना होता म्हणून ती उघडी पडली.

आपल्याकडेही मेट्रिक अश्वशक्ती आहेच, फक्त ती नाव लपवून वावरते. पंपांच्या हिशेबासाठी शेतकी आणि स्थापत्य अभ्यासक्रमांत जे सूत्र शिकवले जाते, त्यात लिटर आणि मीटर यांच्या गुणाकाराला ७५ ने भागलेले असते. ज्या सूत्रात हा ७५ दिसेल तेथील अश्वशक्ती मेट्रिक समजावी. त्याच वहीत पुढच्या ओळीला ७४६ ने गुणून वॅट काढलेले मी वर्षानुवर्षे तपासत आलो आहे, आणि त्याबद्दल गुण कापावेत असे मला कधी वाटले नाही. पण अनुवादकाने मात्र ही सरमिसळ टाळली पाहिजे.

पुरवणी – मोटर-पंप व्यावसायिक, शिवाजी उद्यमनगर

सरांच्या म्हणण्याला बाजारातील एक जोड देतो. आमच्याकडे येणारा शेतकरी ‘पाचची मोटर’ किंवा ‘साडेसातची मोटर’ एवढेच म्हणतो, एच.पी. (हॉर्सपॉवर) हे शब्द गृहीतच असतात, आणि अश्वशक्ती हा शब्द मी दुकानात ऐकलेला नाही. त्याच मोटरच्या पट्टीवर ३.७ किलोवॅट किंवा ५.५ किलोवॅट असे लिहिलेले असते. पाच एच.पी. इंग्रजी हिशेबाने ३.७३ आणि मेट्रिक हिशेबाने ३.६८ किलोवॅट होतात, म्हणजे पट्टीवरच्या ३.७ मध्ये दोन्ही घोडे मावतात. त्यामुळे हा वाद आमच्या गल्ल्यापर्यंत कधी पोहोचत नाही. पट्टीवरचा हा आकडा मोटरच्या शाफ्टवर मिळणाऱ्या शक्तीचा असतो. वीज त्याहून जास्त ओढली जाते, हे मात्र गिऱ्हाइकाला समजावून सांगावे लागते.

गाड्यांच्या माहितीपत्रकात ‘पी.एस.’ आणि ‘बी.एच.पी.’ असे दोन्ही लिहिलेले आढळते. त्यातील पी.एस. ही जर्मन नावाची आद्याक्षरे असून ती मेट्रिक अश्वशक्तीच आहे, तर बी.एच.पी. ही इंग्रजी अश्वशक्ती. १०० पी.एस. म्हणजे सुमारे ९८.६ बी.एच.पी. पॉन्सलेट हा शब्द मात्र मी येथे प्रथमच वाचला. शंभराने भागण्याचे इतके सोपे माप असताना ते मागे का पडले, हे सरांनी सांगावे.

उत्तर – निवृत्त यंत्र अभियांत्रिकी अध्यापक

माझ्या मते याला दोन कारणे आहेत आणि दुसरे अधिक वजनदार आहे. पहिले असे की यंत्र विकणारा आणि घेणारा दोघेही घोड्यांत विचार करीत होते, आणि पॉन्सलेटमध्ये सांगितले की तेच यंत्र एकचतुर्थांशाने लहान दिसू लागते. चाळीस घोड्यांचे यंत्र तीस म्हणून विकायला कोण तयार होईल? दुसरे कारण किलोवॅट. १८८२ मध्ये विल्यम सीमेन्स या अभियंत्याने वॅट हे नाव सुचवले, १८८९ मध्ये पॅरिसच्या विद्युत परिषदेने ते स्वीकारले, आणि विजेबरोबर किलोवॅट सर्वत्र गेला. पॉन्सलेट आणि किलोवॅट यांत दोन टक्क्यांचाच फरक असल्याने दोन्ही बाळगण्याचे प्रयोजन उरले नाही. फ्रान्सने १९१९ मध्ये मीटर, टन आणि सेकंद यांवर आधारलेली मापनपद्धती कायद्याने आणली, तिच्यातही शक्तीचे एकक किलोवॅटच येत होते.

शिवाय पॉन्सलेटमध्ये एक मूळचा अधूपणा आहे. ते वजनावर उभे आहे, आणि वजन गुरुत्वावर अवलंबून असल्याने जागेनुसार थोडे बदलते. ९८०.६६५ हा नेमका आकडा १९०१ साली ठरवलेल्या ९.८०६६५ या प्रमाण गुरुत्व त्वरणामुळे मिळतो. कोल्हापूर विषुववृत्ताच्या बरेच जवळ आणि समुद्रसपाटीपासून उंचावर असल्यामुळे येथे ते त्वरण सुमारे ९.७८ आहे, म्हणून आपल्या बाजार समितीत एक क्विंटल गूळ सेकंदाला एक मीटर उचलायला प्रत्यक्षात ९७८ वॅटच्या आसपास शक्ती पुरते. वॅटला असा स्थळाचा पाश नाही.

विषयाला धरूनच एक सावधगिरी सांगतो. बाष्पित्रांच्या जुन्या इंग्रजी आणि अमेरिकी कागदपत्रांत ‘बॉयलर अश्वशक्ती’ नावाचे माप भेटते. ते सुमारे ९,८१० वॅटचे, म्हणजे जवळजवळ दहा पॉन्सलेटचे आहे. हा निव्वळ योगायोग आहे. ते माप वाफ तयार होण्याच्या वेगावरून आलेले असून त्याचा पाँसलेशी काहीही संबंध नाही.

उच्चार आणि व्याकरण – मराठीचे अध्यापक, गडहिंग्लज

फ्रेंच नावातील अंत्य ट उच्चारला जात नाही आणि आधीचा स्वर नासिक्य आहे, म्हणून ‘पाँसले’ हे लेखन मला योग्य वाटते. व्यक्तीला पाँसले आणि एककाला पॉन्सलेट असे दोन प्रकारे लिहिण्याचे कारण नाही. वॅट आणि ज्यूल यांच्या बाबतीत आपण नाव व एकक सारखेच लिहितो. लिंग पुल्लिंगी मानावे, कारण वॅट आणि किलोवॅट आपण पुल्लिंगीच वापरतो, आणि अनेकवचनी रूप बदलू नये. एकारान्त असल्याने सामान्यरूपही तसेच राहील : ‘तीस पाँसलेचे टर्बाइन’, ‘पाँसलेमध्ये’. ‘शतकिलोशक्ती’ यासारखा नवा शब्द घडवू नये. एककांची नावे भाषांतरित करायची नसतात, आणि अश्वशक्ती हा त्याला अपवाद आहे तो मूळ नावच वर्णनात्मक असल्यामुळे. तुमच्या सूचिपत्रकात मात्र तिच्यामागे ‘मेट्रिक’ हे विशेषण पहिल्या उल्लेखात तरी लावावेच.

समारोपाची विचारणा – अनुवादिका

आपणा सर्वांचे आभार. दोन्ही रकाने मुळाप्रमाणे ठेवून कंसात किलोवॅट द्यावेत असे ठरवले आहे. ‘३० पाँसले (२९.४१९९५ किलोवॅट)’ असे लिहिले तर चालेल ना?

उत्तर – निवृत्त यंत्र अभियांत्रिकी अध्यापक

तेवढे मात्र करू नका. मूळ कारखानदाराने ३० हा आकडा पूर्णांकात दिला आहे, आणि पाण्याचा प्रवाह मोजतानाच त्याला कित्येक टक्क्यांची सूट घ्यावी लागली असेल. त्यापुढे पाच दशांश स्थळे मांडली तर त्याने कधीच न केलेला अचूकतेचा दावा तुम्ही त्याच्या तोंडी घालाल. ‘३० पाँसले (सुमारे २९.४ किलोवॅट)’ एवढे पुरे, आणि एक पाँसले म्हणजे ९८०.६६५ वॅट ही पूर्ण किंमत कोष्टकाखालच्या टिपेत एकदाच द्या, म्हणजे ज्याला बारकाईने हिशेब करायचा आहे त्याला तो करता येईल.