मदत हवी आहे: देवरुखजवळ एकट्या राहणाऱ्या मावशीला सोबत

नमस्कार. माझी मावशी (वय ७८) देवरुखजवळच्या वाडीत एकटी असते. काका गेले, मुलगा आखातात. गणपतीत घर भरतं, विसर्जन झालं की शेजारच्या घरांनाही कुलपं. मग एसटीचा आवाज आला की ती पडवीत येऊन उभी राहते. मुंबईच्या फ्लॅटमध्ये आणखी कोमेजते, म्हणून तो आग्रह मी सोडला. औषधपाण्याची अडचण नाही. बोलायला माणूस हवं. ज्येष्ठांची १४५६७ हेल्पलाइन आहे, पण फोनवर ती मोकळी होत नाही. त्या बाजूला भजनी मंडळ, विरंगुळा केंद्र किंवा आठवड्यातून दोनदा येऊन बसेल अशी कोणी बाई माहीत आहे का? मानधन देऊ. आणि मावशी मुलाबद्दल विचारते, "तो कधी येतोय गं?" याला काय उत्तर द्यावं, अनुभव असल्यास सांगा. खोटी तारीख द्यायला मन धजत नाही.