‘की’ला मराठीत काय म्हणावं: कळ, बटण की किल्ली?

राजारामपुरीकर:
एका पतसंस्थेच्या कर्मचाऱ्यांसाठी कॉम्प्युटर सुरक्षेचं माहितीपत्रक मराठीत करतेय आणि एका वाक्यापाशी अडलेय. चांगल्या बिनतारी कीबोर्डवर दाबलेली प्रत्येक ‘की’ सांकेतिक होऊन हवेतून जाते आणि ती उलगडायला दुसऱ्या टोकाला गुप्त ‘की’ लागते. पहिली बोटाखालची, दुसरी गुपिताची. मी ‘कळ’ आणि ‘किल्ली’ असं लिहिलं. तपासणाऱ्या साहेबांनी कळ खोडून ‘बटण’ केलं. म्हणाले, कळ पोटात येते. हे वाक्य चुकून चालणार नाही. २०१६ मध्ये आठ कंपन्यांचे स्वस्त बिनतारी कीबोर्ड अक्षरं उघडीच पाठवतात असं सापडलं होतं. पासवर्ड लांबून टिपता यायचा. काय ठेवू?

उद्यमनगर:
साहेबांचं बरोबर आहे. आमच्या वर्कशॉपमध्ये लेथवरच्या पोरापासून हिशेब लिहिणाऱ्या ताईंपर्यंत सगळे ‘एंटरचं बटण दाब’ म्हणतात. माहितीपत्रक लोकांना समजावं म्हणून काढताय ना?

पेठेतला:
कळ समजत नाही असं कोण म्हणतं? दिव्याची कळ म्हणणारी माणसं आमच्या पेठेत अजून आहेत. कळसूत्री बाहुली शब्द पोरांनाही माहीत असतो. हिंदीतल्या ‘कलपुर्जे’मधला कल तोच हा, मूळ संस्कृत कला, म्हणजे युक्ती. पोटातली कळ वेगळी, कळ काढणं आणखी वेगळं. एका उच्चाराचे तीन शब्द भाषेत सुखानं नांदतात. बटण शर्टाला राहू दे.

उद्यमनगर:
मग मिक्सरला काय असतं?

पेठेतला:
तिथंही कळच असायला हवी होती.

पेटीवाला:
तुम्ही दोघंही पेटी विसरलात. कीबोर्ड हा शब्दच मुळात वाद्यांचा, टाइपरायटरच्या आधीचा. अमेरिकेत शोल्स आणि त्याच्या साथीदारांनी १८६८ मध्ये ज्या यंत्राचं पेटंट घेतलं त्याला पियानोसारख्याच पट्ट्या होत्या. आणि कोल्हापूर तर पेटीवादक गोविंदराव टेंब्यांचं गाव. इथं पेटीला कळ नाही, बटण नाही, पट्टी असते. गायक बसला की पहिला प्रश्न ‘पट्टी कुठली?’, उत्तर ‘काळी एक’ किंवा ‘पांढरी चार’. इतका रुळलेला शब्द हाताशी असताना परिपत्रकातला कळफलक कशाला?

राजारामपुरीकर:
‘पासवर्डची पट्टी दाबा’ असं लिहिलं तर लोक स्क्रीनवर पट्टी शोधत बसतील. आणि ‘की’ तशीच ठेवायलाही माझी एक अडचण आहे. आपल्याकडं की आधीच कामात आहे: ये की, बस की, जेव की. ‘ती की दाब की’ हे वाक्य वाचून बघा.

टायपिंग क्लास:
मी आयुष्यभर टायपिंग शिकवलं, तीसचा आणि चाळीसचा स्पीड, सगळं रेमिंग्टनवर. आम्ही कळही म्हटलं नाही आणि बटणही. कीच. मुलांना सगळ्यात नडायची ती डेड की: ठसा उमटतो पण कॅरेज, म्हणजे कागद धरून सरकणारा भाग, सरकत नाही. तिला ‘मृत कळ’ म्हणणारा एकही माणूस मला भेटलेला नाही. शिफ्टचंही तेच. १८७८ च्या रेमिंग्टन नंबर दोनमध्ये ती दाबली की अख्खं कॅरेज जागचं हलायचं, म्हणून शिफ्ट. त्याला मराठी शब्द करायला गेलात तर यंत्राची आठवणच पुसली जाईल.

पेठेतला:
आठवण इंग्रजी शब्दातच राहते असं नाही. टंकलेखनातला ‘टंक’ टाकसाळीतला. ठसा मारण्याची अख्खी कल्पना त्यात आहे, आणि तो शब्द तुमच्याच परीक्षेच्या कागदावर छापलेला असायचा.

नाइट शिफ्ट:
मी सिस्टिम्समध्ये काम करतो. ताई, की-लॉगरला, म्हणजे दाबलेली प्रत्येक की चोरून टिपणाऱ्या यंत्राला किंवा प्रोग्रॅमला, काय लिहिलंत? धोका फक्त बिनताऱ्याला नाही. कीबोर्डची वायर आणि कॉम्प्युटर यांच्यामध्ये बोटाच्या पेराएवढं उपकरण लावलं तरी टाइप केलेलं सगळं साठतं. कॉम्प्युटरच्या मागं वाकून बघा, एवढं तरी ठळक छापा. १९८४ मध्ये मॉस्को आणि लेनिनग्राडमधल्या अमेरिकी वकिलातींच्या सोळा आयबीएम टाइपरायटरांत अशीच छुपी यंत्रं सापडली होती. रशियनांनी बसवलेली.

राजारामपुरीकर:
‘कळनोंद’ लिहिलंय. म्हणून तर कळ हवी आहे. बटणनोंद कशी वाटेल?

उद्यमनगर:
की-लॉगरच लिहा. उद्या बातमीत तोच शब्द येणार.

टायपिंग क्लास:
शब्दाचा घोळ सोडा, खरा घोळ इन्स्क्रिप्टनं, कॉम्प्युटरवरच्या देवनागरी कीबोर्डच्या मांडणीनं, केलाय. तिथं के दाबलं की क, शिफ्ट धरून ख, हे सोयीचं आहे, मान्य. पण ‘कि’ काढायला आधी क, मग वेलांटी! रेमिंग्टनवर आधी वेलांटी, मग क, जशी कागदावर दिसते तशी.

पेठेतला:
उच्चारात आधी क् येतो, मग इ. इन्स्क्रिप्ट भाषेच्या बाजूनं आहे.

टायपिंग क्लास:
हात डोळ्याच्या मागून चालतो, उच्चाराच्या नाही.

पेटीवाला:
माझी नात पहिलीत आहे. वहीत ती आधी क काढते, मग डावीकडं जाऊन वेलांटी.

टायपिंग क्लास:
तिच्या बाईंनी तसं शिकवलं असेल. आम्हाला आधी वेलांटी काढायला लावायचे.