वहिवाटीची वाट अडवली: चूक कोणाची?

धागाकर्ता: आतल्या गटातला (शेतातला) ऊस वर्षानुवर्षं पुढच्या शेतकऱ्याच्या रानातून निघतो. यंदा पुढच्याने वाटेवर चर मारला. ऊसतोड आलीय, ट्रॅक्टर रस्त्यावरच उभा. दोषी कोण?

काळीमाती: चर मारणाऱ्याचं नुकसान आधी मोजा. १० फूट रुंद, ३०० फूट लांब वाट म्हणजे ३००० चौरस फूट, पावणेतीन गुंठे. दोन ट्रॉल्यांचा ट्रॅक्टर वळताना मागची ट्रॉली आत ओढते, कोपऱ्यावरच्या सऱ्या चिरडतात. वापशाआधी (जादा ओल ओसरण्याआधी) गाडी घातली की चाकोरी दगडासारखी होते, पुढचं पीक तिथं खुरटतं. सातबारा त्याचा, भरपाई शून्य.

आडवाट: म्हणून ऐन तोडीत चर? टोळी दुसरीकडे गेली की ऊस उभा वाळतो, वजन घटतं. मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६, कलम ५ खाली तहसीलदाराकडे दावा करा, अडथळा आल्यापासून ६ महिन्यांच्या आत. बरेच जण महसूल संहितेच्या कलम १४३ खाली अर्ज टाकतात. ते बांधावरून नवी वाट मागण्यासाठी. तो अर्ज फेटाळला जाईस्तोवर इकडची मुदत संपलेली असते.

काळीमाती: मुदत ठीक, पण आतला विचारून जात होता की हक्काने? सुखाधिकार म्हणजे दुसऱ्याच्या जमिनीतून जाण्यासारखा हक्क; त्या कायद्याच्या (१८८२) कलम १५ ला २० वर्षं उघड, अखंड आणि हक्क म्हणून केलेली वहिवाट लागते. परवानगीची वाट त्यात बसत नाही. गंमत बघा, दरवर्षी अदबीने विचारणाऱ्याचा हक्क कच्चा, न विचारता घुसणाऱ्याचा पक्का! पुढच्याला धास्ती आहे ती याचीच.

आडवाट: धास्ती होती तर पेरणीआधी बोलायचं. कोयता लागल्यावर चर मारणं ही अडवणूकच.

सरबांध: १४३ ची वाट शक्यतो सामाईक बांधावरून, दोन्हीकडची निम्मी जागा घेऊन काढतात. इथं दोघांनी नांगरून बांध कोरलाय, त्यावर कोणी बोलत नाही. शिवाय लांबची का होईना दुसरी वाट असेल, तर नुसत्या सोयीसाठी १४३ टिकणं अवघड. तूर्त चरात सिमेंटचा पाइप टाका, वर मुरूम दाबा, ऊस काढा. आणि ‘या हंगामापुरती परवानगी’ अशी दोघांच्या सहीची चिठ्ठी करा.

आडवाट: आतला पाइप टाकेल. सही नाही करणार. परवानगी म्हणून सही केली की हक्काचा दावा त्याच कागदावर बुडाला.

काळीमाती: आणि चिठ्ठी नसेल तर पुढचा शेतकरी चर बुजवू देणार नाही.